आवडाबाईंनी उचलायला लावलेला बेल-भंडार

२७ ऑगस्ट १९८१ रोजी मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ औरंगाबादेत सुरू झाले. सोयगावच्या आवडाबाईंनी ते पहिल्यांदा पाहिले ते त्यानंतर बेचाळीस वर्षांनी, भाचीला तिथे हजर करायचे होते तेव्हा.

आवडाबाई तेव्हा एकसष्ट वर्षांच्या होत्या. नवऱ्यामागे कापसाची शेती त्यांनी एकटीने सांभाळली. गल्लीत चोरी झाली, बांध कोरला गेला, की लोक त्यांच्या देव्हाऱ्यापुढे येत. ताटातली बेलाची पाने आणि खंडोबाची हळद हातात घेऊन बोलायचे आणि बोललेले मोडायचे नाही, अशी ती बेल-भंडाराची शपथ. नियम एकच होता: आधी माणसाला विचारायचे, आणि शब्द त्याचेच असायचे.

भाची तनुजा पंचवीस वर्षांची होती. शहरात प्रयोगशाळेत नोकरीला होती आणि तिथल्याच सम्यकशी लग्न करणार होती. तो बौद्ध आहे हे कळताच तिचे वडील तात्यासाहेब गंगापूरहून शहरात आले, तिचा फोन काढून घेतला आणि तिला आपल्या बहिणीकडे, आवडाबाईंकडे, आणून ठेवले. दाराला कुलूप नव्हते. दारात आत्या बसत. तनुजाला बेकायदा अडवून ठेवले आहे, तिला न्यायालयापुढे आणावे, अशी याचिका सम्यकने केली. हजर करण्याचा हुकूम झाला.

निघायच्या सकाळी तात्यासाहेब बहिणीला म्हणाले, "आक्का, तिला बेल-भंडार उचलायला लाव. तुझ्यापुढं बोललेलं ती मोडायची नाय." काय बोलायचे तेही त्यांनीच सांगितले: मी राजीखुशीनं आत्याकडं राहते.

ताट पाहून तनुजा हसली. "शेळी चोरणाऱ्यालापण हेच करायला लावता ना, आत्या?"

"लावते. पण त्याला आधी इचारते, चोरली का म्हणून."

"मग मला विचारा की."

आवडाबाईंनी विचारले नाही. तनुजाने पाने उचलली आणि वडिलांचे वाक्य म्हटले.

न्यायमूर्तींनी तिला दालनात एकटीला बोलावले. बाहेर सम्यक आवडाबाईंजवळ आला. तो भांडेल, असे त्यांना वाटले होते.

"आत्या, ती जेवते का नीट?"

"व्हय," त्या म्हणाल्या. तनुजा दिवसातून एकदाच जेवत होती. बेल-भंडाराची गोष्ट तेव्हाच सम्यकच्या वकिलाला सांगता आली असती. तात्यासाहेब चार पावलांवर उभे होते; त्या पदराचे टोक बोटाला गुंडाळत राहिल्या.

तनुजा स्वेच्छेने नातेवाईकांकडे राहत असल्याचे नोंदवून याचिका निकाली निघाली. आदेश दीड पानाचा आहे. सकाळच्या शपथेचा त्यात उल्लेख नाही. असण्याचे कारणही नाही, कोणी ती सांगितलीच नव्हती.

तीन आठवड्यांनी तात्यासाहेब मुलीला घेऊन गेले. कुठे, ते बहिणीला सांगितले नाही. त्यानंतरच्या उन्हाळ्यात शेजारचा कडुबा बांधाचे भांडण आणि पलीकडच्या शेतकऱ्याला घेऊन आला.

"आवडाबाई, उचलायला लावा याला. लई खोटं बोलतंय."

"माझ्या हातचा आता चालायचा नाय."

"का वो? देव रुसला का?"

"देव कशाला रुसंल? म्याच पोरीच्या तोंडात दुसऱ्याचं बोलणं घातलं." कडुबा खाली मान घालून निघून गेला.

ही हकीकत आवडाबाईंनी स्वतः मला सांगितली, सगळा वेळ तोंड भिंतीकडे करून. सकाळच्या शपथेला दुसरा साक्षीदार तात्यासाहेब. त्यांनी बोलण्यास नकार दिला. सम्यकने शपथेची गोष्ट पहिल्यांदा माझ्याकडून ऐकली. नव्याने याचिका करायची तर आवडाबाईंचे प्रतिज्ञापत्र लागेल, असे त्याचे वकील म्हणतात. त्या ते देतील का, याचे उत्तर त्यांनी अजून दिलेले नाही. दालनात तनुजाला नेमके काय विचारले गेले, हे माहीत नाही. ती आज कुठे आहे, हेही माहीत नाही.