रजेचा पत्ता

माझी पदवी कुणामुळे, असं विचारलं की मी थोरल्या भावामुळे म्हणतो, आणि तो तुरुंगात आहे हेही लगेच सांगतो. आमचं घर ढिवराचं. मी वसतिगृहात राहून शिकलो. दादा शाळा सोडून गळ्याइतक्या पाण्यात जाळं ओढत राहिला.

तलावाच्या ठेक्यावरून एकदा मारामारी झाली. दादाच्या काठीनं मासेमारी सोसायटीच्या अध्यक्षाचा धाकटा भाऊ मेला. दादाला जन्मठेप झाली. त्या शिक्षेबद्दल त्याची तक्रार नव्हती, माझीही नाही.

माझी तक्रार पुढची आहे. आईनं अंथरूण धरलं तेव्हा दादानं पॅरोल मागितला. अध्यक्षानं पोलिसांच्या चौकशीत सांगितलं, हा गावात आला तर खून पडतील. आणि गावाला बजावलं, जो जामीन राहील त्याला तलावात उतरू देणार नाही. जामीन गावातलाच मागितला होता, माझा चालला नाही, आणि गावातलं कोणी राहिलं नाही. आई दाराकडे पाहत गेली. मयतीत अध्यक्ष मला म्हणाला, "मास्तर, कायदा सगळ्याइले सारखाच असते ना." तो हसला असता तर मी कदाचित विसरलो असतो.

मी तेव्हा जिवतीच्या डोंगरात शिक्षक होतो. शाळा सुटली की कैद्यांच्या रजेचे नियम वाचत बसायचो. पॅरोलला अडचण दाखवावी लागते. संचित रजेला, म्हणजे फर्लोला, तशी लागत नाही, तुरुंगातली वागणूक चांगली लागते. दादाची होती. अर्ज फेटाळला गेला, मी अपील करायला लावलं, या वेळी बाहेरगावचा जामीन चालला, तो मी स्वतः राहिलो. कैदी कुठे राहणार, तो पत्ता अर्जात द्यावा लागतो. गावचं घर होतं, पण मी ते लिहिलं नाही. अध्यक्ष आता तालुक्याला राहायला गेला होता. त्याच्या फाटकासमोरची खोली मी भाड्यानं घेतली आणि तोच पत्ता दिला.

दादा आला. मी ओसरीत खुर्ची मांडली.

"बस इथी. पाहू दे त्याले."

अध्यक्ष फाटक उघडून बाहेर आला. त्यानं दादाला पाहिलं आणि गाडी न काढताच आत गेला. त्या दिवशी मी पोटभर जेवलो.

दुसऱ्या सकाळी त्या फाटकातून एक बाई सडा टाकायला आली. मेलेल्याची बायको. दादा उठला, खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसला.

"काऊन, दादा?"

"हे बाई इथीच राह्यते, तुले मालूम होतं?"

"होतं. पण खोली मी त्याच्यासाठी घेतली, तिच्यासाठी नाई."

"मले वाटलं, माह्यासाठी घेतली असन. सुटी माही होती ना बावा."

"आईच्या वेळेस त्यानं—"

"आई माही बी होती. मले तलाव पाहाचा होता. तू मले दुकानातल्या बाहुल्यावाणी मांडून राह्यला." मग हळू आवाजात म्हणाला, "ह्या बाईनं ठाण्यात एक तक्रार केली, तं पुढची सुटी गेली. अन् तिचं काई चुकणार नाई."

उरलेले दिवस तो आतल्या खोलीत जाळं विणत बसला. ठाण्यात हजेरी द्यायला जायचा तोही मागच्या गल्लीनं. मुदत संपली तशी तुरुंगात हजर झाला. जाताना म्हणाला, "सोड आता त्याले." त्याचं उत्तर मी पत्रानं पाठवलं:

"दादास नमस्कार. पुढच्या रजेच्या अर्जात गावच्या घराचा पत्ता लिहिला आहे. तुझं जाळं पडवीत टांगलं आहे. अध्यक्ष आता गावात नसतो, म्हणून सोसायटीतले दोघं म्हणाले, येऊ दे त्याले, आम्ही जामीन राहतो. तेव्हा तलाव तुला दिसेल.

त्याला सोड म्हणालास, ते मात्र माझ्याकडून होणार नाही. समोरची खोली मी ठेवली आहे. सुटीच्या दिवशी येतो, ओसरीत तीच खुर्ची मांडतो आणि स्वतः बसतो. ती बाई सडा टाकायला आली की आत जातो. तो बाहेर आला की पुन्हा येऊन बसतो.

तुझा धाकटा."