मल्लिनाथअप्पांची खरी उपमा

परंड्याचे मल्लिनाथअप्पा तट्टावर कापडाचे गठ्ठे लादून गावोगावचे बाजार करायचे. पण मोगलाईतल्या त्या मुलखात त्यांचं नाव होतं ते सोयरिकी जुळवण्यासाठी. त्याचा पैसा घेत नसत. लग्नात फेटा बांधला की गडी खूश. बेताची गोरी मुलगी त्यांच्या तोंडी केळीच्या गाभ्यासारखी व्हायची, उधळ्या मुलाचा 'हात जरा सढळ' व्हायचा आणि घरात धान्य इतकं असायचं की उंदरांना अपचन व्हावं. विहिरीचं कुणी विचारलंच तर म्हणायचे, "तिला उन्हाळा ठाऊकच न्हाय. भर चैतात बी हसत असती."

सरकारी शाळेचा कारभार उर्दूत, म्हणून उत्तरेश्वर मास्तर आपल्या ओसरीवर पोरांना मराठी शिकवायचे. अप्पा तिथं पान खायला टेकले की मास्तरांचा धडा आयताच सुरू व्हायचा. "ऐका रे. गाभ्यासारखी, ही उपमा. पोरगी म्हणजे घरातला दिवा, हे रूपक. उंदरांचं अपचन ही अतिशयोक्ती, आन् हसणारी विहीर ही चेतनगुणोक्ती." अप्पा ऐकून फुगायचे. "आमी आपलं नुसतं बोलतो, मास्तर," असं म्हणत पुढच्या गावाला निघायचे, आणि तिथं आणखी दोन उंदीर आजारी पाडायचे.

लोकांनाही सवय झाली होती. अप्पा जे सांगतील ते निम्मं धरायचं, असा सगळ्या तालुक्याचा रिवाज पडला होता. त्यात कुणाला राग नव्हता, अप्पांनाही नव्हता.

मग त्यांच्या स्वतःच्या महादेवीचं लग्नाचं वय झालं. लहानपणी घराच्या माळवदावरून पडल्यामुळं तिचा डावा पाय किंचित आखूड राहिला होता. भूमच्या गुरुसिद्धप्पांचा मुलगा बसप्पा अप्पांच्या मनात फार दिवसांपासून होता. एवढं चांगलं घर पुन्हा मिळणार नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. पण तिथं जाऊन बसले, तर आपल्या लेकीबद्दल खोटं बोलवेना. "मुलगी डाव्या पायानं लंगडती. काम चांगलं करती," एवढंच म्हणाले.

गुरुसिद्धप्पा चरकले. विहिरीला हसवणारा माणूस दोनच वाक्यं बोलतो, म्हणजे पोरीला उठताही येत नसणार! त्यांनी चहा पाजला आणि म्हणाले, "बघू, म्होरं बोलू." या 'म्होरं बोलू'चा अर्थ अप्पांइतका कुणाला कळणार? त्यांनीच तो निरोप किती घरी पोचवला होता.

घरी पार्वतम्मा नवऱ्यावर भडकल्या. "जगाच्या पोरींना चांदण्या चिकटवता, आन् माझ्या लेकराच्या वक्ताला मुके झालात व्हय?"

महादेवी मात्र चुलीपुढं बसून हसत होती. "अप्पा, लोक तुमचं चांगलं निम्मं करून घेतात. मग वाईट दुप्पट करून घेणारच की. नुसतं लंगडती म्हणून कसं दिसावं त्यांना?"

"मग काय सांगू, बाई?"

ती म्हणाली, "कावडीचं एक भांडं जास्त भरलं की माणूस एका अंगाला झुकून चालतो ना? तशी चालती म्हणावं. पर पाणी सांडत न्हाय."

जन्मभर अप्पांनी उपमा वाटल्या, पण एकही अशी मापाची नव्हती. दुसऱ्या दिवशी ते पुन्हा भूमला गेले आणि शब्दाला शब्द तेवढंच सांगून आले. गुरुसिद्धप्पांनी बराच वेळ सुपारी कातरली. मग म्हणाले, "येतो बघाया."

पाय अधू असलेल्या मुलीला पाहुणे यायच्या आधीच पाटावर बसवून ठेवायचं, ही युक्ती अप्पांनीच कितीतरी घरांना शिकवलेली. त्या दिवशी पार्वतम्मांनी पाट मांडला, वर नवा खण अंथरला. अप्पांनी खण घडी करून बायकोच्या हातात दिला आणि पाट उचलून भिंतीला टेकवला.

"अवो, हसं व्हईल पोरीचं!" पार्वतम्मांचा आवाज रडवेला झाला.

"चालू दे तिला," अप्पा म्हणाले.

पाहुणे बैठकीवर बसले. स्वयंपाकघराच्या दारातून महादेवी निघाली, हातात काठोकाठ भरलेला तांब्या. मधलं अंगण लांबलचक होतं. पावलागणिक ती डावीकडं झुकत होती, सावरत होती, पुन्हा झुकत होती. लपवत काहीच नव्हती. बसप्पा आधी तिच्या पायांकडं बघत होता, मग तांब्याकडं बघू लागला आणि शेवटी तिच्या तोंडाकडं.

तिनं तांब्या गुरुसिद्धप्पांपुढं ठेवला. त्यांनी वाकून मागं अंगणातल्या फरशीवर नजर फिरवली. फरशी कोरडी होती.

"मल्लिनाथअप्पा," ते म्हणाले, "ह्या खेपेला निम्मं करावं लागलं न्हाय." त्यांनी पोराकडं पाहिलं. बसप्पानं मान हलवली. गुरुसिद्धप्पांनी घोटभर पाणी पिऊन तांब्या खाली ठेवला आणि सोयरीक पक्की करायला सुपारी फोडायला मागितली.

अप्पांना काहीतरी झकास बोलायचं होतं. शब्दच सापडेना. ते फेट्याच्या शेवानं डोळे पुसत राहिले.