चालत्या लूमवरचा मर्द

"हात पुढे कर."

मी केला. उजवा. धाकट्या शेठने भिंतीवरच्या खिळ्याची हिरवी बांगडी काढली आणि माझ्या मनगटात घातली. प्लास्टिकची, बायकांच्या मापाची. पुरुषाच्या मुठीवरून ती जात नाही, म्हणून ब्लेडने एका जागी कापून तिचं तोंड उघडं केलेलं. कापलेली दोन्ही टोकं धारदार. घालताना एक टोक कातडीत घुसलं, मी हूं की चूं केलं नाही.

"आता शोभतोस," शेठ म्हणाला. मग आवाज चढवून, सगळ्यांना ऐकू जाईल असं, "तुमच्या वाडीत मर्द जन्माला येतात की नाही रे?"

सगळा कारखाना हसला. माझ्या शेजारच्या लूमवरचा हसला, पलीकडचा हसला. भिंतीकडेला कांड्यांच्या मशीनवर आठ बायका बसायच्या, त्यातल्याही दोघी हसल्या. माझी बायको सुमन त्याच रांगेत होती. आडवा धागा नेणाऱ्या धोट्यात घालायच्या कांड्यांवर सूत भरायचं तिचं काम. तिने मान वर केली नाही. ती हसली नाही, हे मला दिसलं, आणि त्याचाच मला जास्त राग आला.

ऐंशीच्या दशकाची शेवटची वर्षं असतील. भिवंडीत शुक्रवारी लाईट नसायची, म्हणून कारखान्याला सुट्टी. गुरुवारी संध्याकाळी आठवड्याचे तागे मोजायचे आणि ज्याचं कापड सगळ्यांत कमी भरेल त्याला बांगडी. पुढच्या गुरुवारपर्यंत ती हातातून काढायची नाही. काढली तर शनिवारी कामावर यायचं नाही. हा नियम कुठे लिहिलेला नव्हता. पण गेटवरचा वॉचमनसुद्धा आधी मनगट बघायचा आणि मग आत सोडायचा.

बांगडी सगळ्यांनाच मिळे. वाडीचं बोलणं मात्र फक्त मला. दापोड्याच्या बाजूची आमची बौद्धवाडी. त्या कारखान्यात लूमवर लागलेला वाडीतला मी पहिला. आमची माणसं तोवर तिथे झाडू मारायची, नाहीतर कापडाच्या गाठी उचलायची.

माझं कापड कमी का भरलं, तेही सांगतो. माझ्याकडे चार लूम होते. ताण्याचा, म्हणजे उभा धागा तुटला की मी हँडल मारून लूम थांबवायचो, तुटलेलं टोक शोधायचो, गाठ मारायचो, फणीच्या दातांतून ओढून घ्यायचो आणि मग लूम चालू करायचो. हे मला इसाकचाचांनी शिकवलं होतं. चाचा यूपीचे, म्हातारे, तीस वर्षं लूमवर काढलेले. त्यांची गाठ इतकी बारीक असायची की कापडावर बोट फिरवलं तरी लागायची नाही. त्यांनी पहिल्या दिवशी मला एकच गोष्ट सांगितली होती.

"बेटा, पहले मशीन रोक. फिर हाथ डाल."

पण लूम थांबला की कापड थांबतं. पुन्हा चालू करताना कापडात आडवी पट्टी पडते, ती व्यापाऱ्याला खपत नाही. धाकट्या शेठला हे नको होतं. म्हणून त्याने नवी रीत काढली, चालत्या लूमवर धागा जोडायची. फणी पुढेमागे आपटतेय, लोखंडी टोकाचा धोटा इकडून तिकडे सुटतोय, आणि त्या दोन आपटण्यांच्या मध्ये बोटं आत घालून धागा ओढायचा. जो करेल तो मर्द. जो लूम थांबवेल तो बायल्या. मोठ्या शेठच्या काळात लूमला पुढून जाळी होती. जाळी असताना आत हात घालता येत नाही, म्हणून ती काढून माळ्यावर टाकली. "मर्द जाळीच्या मागे लपतो का?" असं शेठ म्हणायचा, आणि आम्ही माना डोलवायचो.

हो, आम्हीच. मी शेठचं नाव एकट्याचं घेऊन मोकळा होणार नाही. मर्द हा शब्द मी काही कारखान्यात पहिल्यांदा ऐकला नव्हता. मानकोलीच्या नाक्यावर एका वेळी दोन गोण्या पाठीवर घेणाऱ्याला मर्द म्हणायचे. त्याची कंबर पस्तिशीत गेली. वाडीत अख्खी बाटली रिचवून सरळ चालणाऱ्याला मर्द म्हणायचे. तापाने फणफणत कामावर गेलेल्याला, दात काढताना सुई नको म्हणणाऱ्याला, बायकोला सगळ्यांदेखत कानफटवणाऱ्याला. मी पोरगा होतो तेव्हा मेल्या बापासाठी रडलो नाही म्हणून चुलत्याने माझी पाठ थोपटली होती. म्हणाला, "मर्द हाय आपला." मला रडायचं होतं. ते रडणं अजून कुठेतरी अडकलेलं आहे.

त्या गुरुवारी मी घरी गेलो. सुमन माझ्या मागोमाग आली. तिने चहा ठेवला आणि माझ्या मनगटाकडे बघत म्हणाली, "घरान तरी काडून ठेवा. रगत येतंय."

मी तिला मारलं. उजव्या हाताने. त्याच हाताने. बांगडीचं टोक तिच्या गालावर ओढलं गेलं आणि डोळ्याखालून हनुवटीपर्यंत लाल रेघ उठली. ती रडली नाही. चहा उतू गेला, तो तिने पुसला आणि चूल विझवली. मला वाटलं, आता तरी मी मर्द झालो. शेठने माझ्या हातात घातलेलं मी तिच्या तोंडावर काढलं. हे लिहिताना माझी मान खाली आहे, आणि ती खालीच असायला पाहिजे.

शनिवारी कामावर गेलो ते ठरवून. या आठवड्यात लूम थांबवायचा नाही. शनिवारी थांबवला नाही, रविवारी नाही. धागा तुटला की फणीची लय बघायची, हात घालायचा, ओढायचा. जमत होतं. शेजारचा म्हणाला, "वा रे पठ्ठे!" मला चढत गेलं. चाचा लांबून बघत होते. एकदा जवळ आले, माझा लूम स्वतःच्या हाताने थांबवला आणि निघून गेले. मी तो लगेच चालू केला. त्यांचा मला राग आला होता.

सोमवारी दुपारी जेवणाच्या सुट्टीआधी दुसऱ्या लूमचे धागे तुटले. एकदम तीन. मी हात घातला. दोन निघाले. तिसऱ्याला बोट लागलं आणि हात मागे घेताना बांगडीचं कापलेलं टोक ताण्यात अडकलं. हात निघेना. फणी आली आणि तिच्याबरोबर धोटा आला.

करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट. दोन्ही मुळापासून गेली. मला दुखलं नाही, आधी पांढरं कापड लाल झालेलं दिसलं. मी ओरडलो नाही. बापाच्या वेळी जसा रडलो नव्हतो तसाच. कुणीतरी हँडल मारलं. सुमन धावत आली. तिने स्वतःच्या हातावरची चिंधी सोडून माझा पंजा बांधला.

त्या चिंधीचं सांगायला हवं. कांड्यांवर बसताना बायका काचेच्या बांगड्या कोपराकडे सारायच्या आणि वरून चिंधी घट्ट बांधायच्या. सुतात बांगडी अडकू नये, हात ओढला जाऊ नये म्हणून. रोज सकाळी आठही बायका हे करायच्या. मी वर्षानुवर्षं बघत होतो, पण कधी मनावर घेतलं नव्हतं. बायकांचं काम.

दवाखान्यात धाकटा शेठ आला. डॉक्टरांना म्हणाला, "एक आवाज नहीं निकाला इसने. असली मर्द है." माझ्या खांद्यावर त्याने हात ठेवला. खोटं कशाला सांगू, मला बरं वाटलं. दोन बोटं गेली होती आणि मला बरं वाटत होतं. इतका तो शब्द माझ्या आत मुरला होता.

घरी दीड महिना पडून होतो. सुमन कामावर जायची, यायची, मला भरवायची. तिच्या गालावरची रेघ आता पांढरी पडली होती. मला बघवत नव्हती, पण भरवताना ती बरोबर माझ्या डोळ्यांसमोर असायची. एकदा मी म्हणालो, "शेठनं सगळ्यांसमोर मला मर्द म्हटलं."

तिने ताट खाली ठेवलं.

"आमी हात वाचवाला चिंदी बांदतो," ती म्हणाली. "तुमी हात घालवाला बांगडी घालता. नि वर शाबासकी घेता."

एवढंच बोलली आणि पुन्हा घास पुढे केला. मला तो गिळवेना. त्या रात्रभर नव्हे, पुढचे कितीतरी दिवस मी एकच गोष्ट डोक्यात फिरवत राहिलो. धाकट्या शेठला कारखान्यात कुणी कधी मर्द म्हटलं होतं का? आठवेना. त्याने कधी चालत्या लूमवर हात घातला होता का? छे. बंद लूमलाही तो हात लावत नसे, तेल लागतं म्हणून. त्याला त्या शब्दाची गरजच नव्हती. त्याची दहाही बोटं जागेवर होती. तो शब्द आमच्यासाठी होता. जाळीच्या जागी त्याने आम्हाला तो लावून दिला होता, आणि आम्ही तो लावून घेतला होता. हे कळलं त्या दिवशी मी सुमनची माफी मागितली. तिने हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. "बगू," म्हणाली.

मी कामावर परतलो तो दिवस गुरुवार होता. शेठने मला चारच्या जागी दोनच लूम दिले, चाचांच्या शेजारचे. संध्याकाळी तागे मोजून झाले. शेठने टाळी वाजवून सगळ्यांना गोळा केलं. लूम चालू होते, त्यामुळे तो ओरडूनच बोलत होता.

"आज बांगडी हा घालणार! मर्दाच्या हातून!"

खिळ्यावर तीच बांगडी होती. धुतलेली. खाचेत अजून काळपट काहीतरी राहिलं होतं. ती त्याने माझ्या हातात दिली आणि म्हणाला, "चाचाला घाल."

इसाकचाचांची नजर कमी झाली होती. तुटलेलं टोक त्यांना लवकर सापडत नव्हतं. त्यांचं कापड सगळ्यांत कमी भरलं होतं. ज्यांनी मला गाठ मारायला शिकवलं, त्यांनी स्वतःहून हात पुढे केला.

"पहना दे बेटा," ते म्हणाले. "तेरा कसूर नहीं."

सगळे बघत होते. हसायची तयारी करून. मी त्या हाताकडे बघितलं. तीस वर्षं लूमवर काढलेला हात, आणि पाचही बोटं शाबूत. का शाबूत, ते त्या कारखान्यात कुणालाच कधी विचारावंसं वाटलं नव्हतं.

मी वळलो. माझ्या लूमपाशी गेलो आणि हँडल मारलं. दुसऱ्याचं मारलं. चाचांच्या चारही लूमची हँडलं मारली. एवढा कोपरा शांत झाला.

"क्या कर रहा है?" शेठ म्हणाला.

"लूम थांबवतोय, शेठ. यापुढे धागा तुटला की थांबवणार."

"मर्द ना तू?"

"नाही," मी म्हणालो. "मला हात पाहिजेत."

कुणी हसलं नाही. शेठ हसला, एकटाच. "बांगडी दे इकडे."

"देत नाही." मी ती खिशात घातली. "माझ्या वाडीत मर्द जन्माला येतात का, असं विचारलं होतंत तुम्ही. नाही येत. माणसं येतात. वीस बोटं घेऊन येतात. माझी दोन तुमच्याकडे राहिली. आता एकही देणार नाही."

"बाहेर हो," शेठ म्हणाला.

मी झालो. गेटपाशी पोहोचलो तेव्हा सुमन मागून आली. चिंधी अजून हातावर बांधलेलीच होती. तिच्या मागून चाचा आले. बाकीचे आले नाहीत. माझ्या मागे थांबवलेले लूम पुन्हा सुरू झाल्याचा आवाज आला, आधी दोन, मग सहाही. मी त्यांना दोष देत नाही. दीड महिन्यापूर्वी मीही सुरू केला असता. चाचा नाक्यापर्यंत बरोबर चालले आणि तिथून त्यांच्या खोलीकडे वळले. पुढे वर्षभरातच ते गावी गेले.

आता मी दुसऱ्या कारखान्यात आहे. कामावर येण्याआधीच मालकाला सांगितलं, जाळी लावाल तर येतो. त्याने दोन दिवस लावले आणि मग जाळी लावली. नवा कारागीर आला की पहिला धडा मी देतो. आधी हँडल, मग हात. त्यातले काही हसतात. मला बायल्या म्हणतात. मी हो म्हणतो आणि पंजा त्यांच्यासमोर धरतो, तीन बोटांचा. मग ते गाठ मारायला शिकतात.

सुमनच्या गालावरची रेघ गेलेली नाही. मी ती रोज बघतो. विसरायचं नाही असं आम्ही दोघांनी न बोलता ठरवलंय.

ती हिरवी बांगडी माझ्याकडेच आहे, लूमच्या वरच्या खिळ्याला. शेठने त्याच आठवड्यात दुसरी आणली असेल. प्लास्टिकची बांगडी बाजारात कुठेही मिळते. ती घालून घ्यायला पुढे होणारा हात त्याला मिळता कामा नये. माझा मिळणार नाही. माझ्या हाताखाली शिकलेल्या एकाचाही मिळणार नाही.