परक्या नटाचा कडू घास

शेजारी मयत झालंय. त्यांची चूल बंद, म्हणून आज आमच्या सुनेनं त्यांच्यासाठी कडू घास केला, पिठलं-भाकरी. फोडणीचा वास आला आणि मी दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांतल्या मिरजगावात पोचलो.

तेव्हा मी तिथं शाळामास्तर होतो. लढाईनं देशोधडीला लागलेला पोलंडचा एक सिनेनट कॅमेरा घेऊन गावात आला होता. आता तो स्वतःच चित्रं घ्यायचा. इंग्रजी समजणारा मी एकटाच, म्हणून दुभाषा झालो. त्याला गावातल्या रखमाबाईंना रडताना टिपायचं होतं, पण कॅमेरा पाहिला की त्यांना हसूच फुटायचं. शेवटी "असं रडा" म्हणत तो त्यांच्यासमोर धुळीत बसला. बघा हं, अशा नजरेनं त्यानं आधी माझ्याकडे पाहून घेतलं आणि रडायला लागला. मग थांबेचना.

रखमाबाई घरात गेल्या, त्या पिठलं-भाकरी घेऊनच बाहेर आल्या.

"मास्तर, इचारा त्याला, कोन गेलं त्याचं?"

मी हसलो. "अहो, खोटं रडतोय. नट आहे तो."

"आसंल. पर घास तर खाऊ द्या."

त्यानं खाली मान घालून सगळी भाकरी खाल्ली. रखमाबाईंच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं, अगदी त्याला हवं होतं तसं. कॅमेरा मात्र बंदच राहिला.

खोटं होतं, तर तो घास त्यानं का खाल्ला? खरं होतं, तर मी हसलो कसा? मला अजून कळत नाही. रखमाबाईंचा प्रश्न इंग्रजीत सांगायला चार शब्द पुरले असते. मी ते बोललोच नाही.