बरोबरीची जोडी

पन्नास सालानंतरची ती वर्षं. रत्नागिरीजवळच्या आमच्या वाडीत ‘साइड’ हा शब्द दोनच ठिकाणी कानावर यायचा. हुतूतूत साइड म्हणजे आपला संघ आणि रस्त्यावर साइड म्हणजे मागून मोटार आली की बैलगाडीने कडेला सरकणं. दोन्हीकडे माझी गाठ चुलतभावाशीच.

साइड पाडायची आमची रीत अशी: बरोबरीचे दोघे गळ्यात हात घालून बाजूला जायचे. एकाने आंबा व्हायचं, दुसऱ्याने फणस. मग येऊन कप्तानांना विचारायचं, कोणाला काय हवं? आम्ही दोघे विशीतले, एकाच अंगलटीचे, म्हणून आमची जोडी ठरलेली. जोडी फुटली की तो कायम समोरच्या साइडला. दम घेऊन आला की पहिला मलाच बाद करायचा आणि हसत परत जायचा. बघे त्याच्याबरोबर हसायचे. तो मला डोळ्यांसमोर नकोसा झाला होता.

दिवाळीनंतर गवताची गाडी भरून आम्ही शहराकडे निघालो होतो. रस्ता अरुंद, डावीकडे गडगा, दगड रचून केलेली कुंपणाची भिंत. मागून ट्रकने भोंगा वाजवला. चुलतभाऊ खाली उतरला आणि डाव्या चाकाशी उभा राहून कासरा ओढू लागला. मी वर गवतावर. ट्रकपुरती वाट झाली की ‘बस’ म्हणायचं, एवढंच माझं काम. वाट केव्हाच झाली होती. गडगा आणि चाक यांच्यामध्ये तो अडकत चाललेला मला दिसत होता. एकदा तरी याची घाबरगुंडी उडू दे, म्हणून मी ओरडलो, “घे अजून, घे!”

चाक त्याच्या पावलावरून गेलं.

घरी त्याने सांगितलं, बैल बुजले. मी त्याला पाठुंगळीला घेऊन दवाखान्यात नेलं, म्हणून काकीने माझीच दृष्ट काढली. मीही काढून घेतली.

शिमग्याच्या सुमारास तो काठी टेकत मैदानावर आला. जोड्या लागत होत्या. त्याने माझ्या गळ्यात हात टाकला. “आंबा होतोस का फणस?”

मी हात काढला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, “जोडी बरोबरीची लागते रे.”

दोघेतिघे हसले. तो माझ्या कानाशी आला. “गाडीवरनं तू काय ओरडलास, ते मी अजून कोणाला बोललेलो नाय.”

मला लाज वाटली नाही, भीती वाटली. मी दुसऱ्याच कोणाच्या तरी गळ्यात हात टाकून आंबा झालो.

त्या दिवशी मी एकदाही बाद झालो नाही. दम घेऊन परत आलो की प्रत्येक वेळी टाळ्या वाजत. सगळ्यांत आधी मैदानाकडेच्या गडग्यावर बसलेला तो वाजवायचा.