गपकाकांचे शुक्रवार

कावळ्यालाही 'एक मिनिट गप' म्हणणारा माणूस मी एकच पाहिला. आमच्या चाळीतल्या बायका कुकर लावण्याआधी त्यांना 'रेकॉर्डिंग चालू नाही ना?' असं विचारायच्या. गपकाका हे नाव त्यातूनच पडलं. लग्नांचं शूटिंग करून ते पोट भरायचे आणि उरलेला जीव वादकांवरच्या फिल्म करण्यात घालायचे. त्या कोणी मागितलेल्या नसायच्या. "मागितलेलं थोडं वाईट झालं तर चालतं, बाई," ते म्हणायचे, "हे चालत नाही."

शेवटची फिल्म करीमचाचांवर. चाचा आमच्याच कामतघर वस्तीत कापड विणायच्या लूमवर कामाला, आणि लग्नसराईत बँडमध्ये क्लॅरनेट वाजवायचे. तीस वर्षं कापसाची धूळ खाऊन छाती गेली होती. श्वास आहे तोवर त्यांची एक धून अख्खी टेपवर यावी, एवढाच गपकाकांचा ध्यास होता.

पण कामतघरात शांतता मिळणार कधी? फक्त शुक्रवारी, लूम बंद असायच्या तेव्हा. मी दुपारच्या शाळेत शिकवायचे, म्हणून सकाळी माइक धरायला मी.

एरवी लूमशेजारी बसून मजेत वाजवणारे चाचा कॅमेऱ्यापुढे नवशिक्यासारखे अडखळायचे. लय सुटायची. आजारपणामुळे होत असेल, असं आम्ही धरून चाललो. काका म्हणायचे, "चाचा, फिर से." चाचा खोकायचे, घोटभर पाणी प्यायचे आणि पुन्हा क्लॅरनेट तोंडाला लावायचे. एकदा मी म्हटलं, आज पुरे करा. काका माझ्यावरच खेकसले, की पुढचा शुक्रवार मिळेल याची हमी तुम्ही देता का? मला त्यांचा भयंकर राग आला होता. तरी माइक काही मी खाली ठेवला नाही.

असे अकरा शुक्रवार गेले. बारावा चाचांनी पाहिला नाही.

महिन्याभराने काकांनी मला टेपा पाहायला बोलावलं. जवळजवळ प्रत्येक टेपच्या सुरुवातीला चाचा काही सांगू पाहत होते. "साब, वो लूम..." आणि लगेच काकांचा आवाज, "चाचा, चुप. टेप चालू है." नवव्या टेपवर काका बहुधा दार लावायला गेले होते. चाचा थेट माझ्याकडे बघून भराभर म्हणाले, "मशीन चलती है तब ताल मिलता है, बाईजी. बंद में उँगली भटक जाती है."

टेपवर माझा आवाजही होता. "हाँ हाँ, चाचा," मी म्हणत होते, "अभी बजाओ."

काकांनी टीव्ही बंद केला. बाहेर सगळ्या लूम जोरात चालू होत्या.

पुढे त्यांनी कॅमेरा विकला आणि खारबावला भावाकडे राहायला गेले. निरोप द्यायला मी रिक्षापर्यंत गेले. टेपांची पिशवी त्यांनी माझ्या हातात दिली आणि उभे राहिले. मी तोंड उघडलं, तेव्हा सवयीने वाटलं, आता हे मला गप म्हणतील.

"बोला बाई," ते म्हणाले. "ऐकतोय मी."

रिक्षावाल्याने दोनदा हॉर्न वाजवला. काका थांबले होते.