तळ्यातून बाहेर येणारी बाई

सौदीत, दम्माममधल्या आमच्या कंपाउंडमध्ये शेजारी एक स्वीडिश जोडपं राहत होतं. नवरा आमच्या यांच्याच कंपनीत सल्लागार. बाई साठी ओलांडलेल्या, उंच, पांढऱ्या केसांच्या. त्या एके काळी सिनेमात नायिका होत्या हे कळलं आणि आमच्या यांचं चित्त थाऱ्यावर राहिलं नाही. पुण्यात शिकत असताना यांनी फिल्म क्लबमध्ये त्यांचा एक सिनेमा पाहिला होता.

"अगं, ती तळ्यातून बाहेर येते आणि नुसती बघते. काही बोलत नाही, नुसती बघते!"

हे मी इतक्यांदा ऐकलं की मला त्या तळ्याचाही राग यायला लागला.

आखाती युद्ध सुरू झालं तेव्हा बाईंचा नवरा रियाधला अडकलेला होता. "एकट्या कुठे बसतील? सायरन झाला की आपल्याकडे येऊ दे," हे म्हणाले. आमच्या कोठीच्या खोलीला खिडकी नव्हती. दाराच्या फटींना चिकटपट्टी लावून आम्ही तिथे बसायचो. घरातली वेताची खुर्ची बाईंना मिळाली. मी तांदळाच्या पोत्यावर.

गॅसमास्क मांडीवर ठेवून हे प्रश्न विचारत आणि बाई सांगत. वडील ट्राम चालवायचे. नाट्यशाळेतून निघाल्यावर पहिलं काम मोलकरणीचं, एकच वाक्य: "गाडी आली आहे." मग तो तळ्याचा सिनेमा, आणि युरोपभर नाव. अमेरिकेत बोलावणं आलं. तिथे त्यांचे दात सारखे केले, उच्चार घोटून घेतले, आणि परक्या देशाच्या हेर बायकांची कामं दिली. दोन वर्षांत त्या परत आल्या. तोवर तळ्याच्या सिनेमाच्या दिग्दर्शकाला नवी, तरुण मुलगी सापडली होती.

"तुम्हाला वाईट वाटलं असेल," हे हळव्या आवाजात म्हणाले. माझा गर्भपात झाला तेव्हाही यांचा आवाज असा झाला नव्हता.

एका संध्याकाळी बाई माझ्याकडे वळल्या. "आणि तू काय करायचीस?"

"ती घरीच असते," यांनी परस्पर सांगून टाकलं.

"मी नाटकात कामं करायचे," मी म्हणाले. "नाशिकला. राज्य नाट्य स्पर्धेत अभिनयाचं बक्षीस आहे मला."

"हो, हौस होती तिला," हे हसले.

बाई हसल्या नाहीत. "एखादं भाषण आठवतं? तुझ्या भाषेतच म्हण."

मी पोत्यावरून उठले. माहेरी परत आलेल्या मुलीचं भाषण होतं, बापासमोरचं. सुरुवातीला आवाज फाटला, मग सापडला. बाहेर दूर धडाम झालं, कोठीतले डबे थरथरले. मी थांबले नाही. संपलं तेव्हा हे माझ्याकडे अनोळखी माणसाकडे बघावं तसे बघत होते.

बाईंनी थोडा विचार केला. "चांगलं आहे. पण तू रडण्याची घाई करतेस. प्रेक्षकांना आधी रडू दे."

मला थोबाडीत बसल्यासारखं झालं, कारण ते खरं होतं. आणि त्याच क्षणी मला कळलं की मला हेवा यांनी केलेल्या कौतुकाचा नव्हताच. चुका दाखवणारं कोणी, त्या सुधारायला पुढचं नाटक, आणि त्याच्याही पुढचं, हे सगळं त्या बाईंना मिळालं होतं. मला एक बक्षीस, लग्न आणि दम्माम.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्यांचं दार वाजवलं. "मला शिकवाल?"

युद्ध संपेपर्यंत रोज दुपारी त्यांनी मला शिकवलं. शब्द कळत नसताना नुसत्या आवाजावरून त्या मला मध्येच अडवत. हे विचारत, "माझ्याबद्दल काही म्हणतात का गं?" मी सांगत असे, "नाही." खरंच कधी म्हणाल्या नाहीत.

विमानं सुरू झाल्यावर त्या गेल्या. जाताना यांना त्यांनी त्या सिनेमाची कॅसेट दिली. हे ऑफिसला गेल्यावर मी ती एकटीने लावली. बाई तळ्यातून बाहेर आल्या आणि नुसत्या बघत राहिल्या. विशीतली पोर, आणि रडण्याची कसलीच घाई नाही! कॅसेट मागे नेऊन मी तेवढंच पुन्हा पाहिलं, आणि त्या पोरीचा मला जळजळीत हेवा वाटला.